बॅरी हॅरिस यांचा जॅझ पियानो: कोकणात राहून कसा शिकावा, कसा शिकवावा?

सुरंगी

उत्तम जॅझ पियानोवादक बरेच झाले. पण वादन, रचना आणि शिकवणं ही तिन्ही कामं आयुष्यभर सारख्याच निष्ठेने करणारे बॅरी हॅरिस यांच्यासारखे फार थोडे. त्यांच्या कारकिर्दीतून आपल्याकडच्या मुलांना बरंच घेता येईल, म्हणून हा धागा.

जन्म १५ डिसेंबर १९२९, डेट्रॉइट. आई चर्चमध्ये पियानो वाजवायची, पहिले धडे तिचेच, वयाच्या चौथ्या वर्षी. बड पॉवेल, चार्ली पार्कर आणि थेलोनियस मंक यांची बीबॉप ही वेगवान, गुंतागुंतीची जॅझ शैली त्यांनी धरली आणि पुढे फॅशन किती बदलल्या तरी सोडली नाही. नाव होण्याआधीच, १९५०च्या दशकात, ते डेट्रॉइटला शिकवू लागले होते. सॅक्सोफोनवादक चार्ल्स मॅकफर्सन आणि ट्रम्पेटवादक लॉनी हिलियर हे तिथलेच विद्यार्थी. १९६० मध्ये कॅननबॉल ॲडर्ली यांच्या संचातून ते न्यूयॉर्कला गेले. ट्रम्पेटवादक ली मॉर्गन यांच्या 'साइडवाइंडर' या अल्बममधला पियानो त्यांचाच (ध्वनिमुद्रण डिसेंबर १९६३). कोलमन हॉकिन्स यांना त्यांच्या अखेरच्या वर्षांत साथ केली. न्यूजर्सीत वीहॉकेनला जॅझ कलाकारांच्या आश्रयदात्या बॅरोनेस पॅनोनिका यांच्या घरी ते राहत, मंक यांची शेवटची वर्षंही त्याच घरात गेली. १९८२ ते १९८७ या काळात न्यूयॉर्कमध्ये 'जॅझ कल्चरल थिएटर' चालवलं. ते बंद पडल्यावर वर्ग थांबले नाहीत, जागा बदलत राहिल्या. १९८९ मध्ये अमेरिकेचा 'जॅझ मास्टर' सन्मान मिळाला. महासाथीत नव्वदी ओलांडलेला हा माणूस ऑनलाइन वर्ग घेत होता. ८ डिसेंबर २०२१ रोजी ते गेले.

रत्नागिरीपासून सावंतवाडीपर्यंत पेटी गावोगाव आहे, पियानो विरळा. म्हणून जाणकारांना विचारायचं ते असं: त्यांची पद्धत पेटी किंवा साध्या कीबोर्डवरून सुरू करता येईल का? खाऱ्या, दमट हवेत पियानो ठेवावा का? आणि यावर पोट भरायचं तर मार्ग काय?

पांढरी_दोन

पहिल्या प्रश्नाचं उत्तर: होय, आणि आपल्या पेटीवाल्यांना ही पद्धत बाकीच्या जॅझ पुस्तकांपेक्षा लवकर उमगते. कारण हॅरिस कॉर्ड (एकदम वाजवायचा तीन-चार स्वरांचा गट) सुटी शिकवत नाहीत. त्यांच्याकडे कॉर्ड सप्तकातून जन्मते आणि सप्तकातच चालते.

पाया आहे 'मेजर सिक्स्थ डिमिनिश्ड' हे आठ स्वरांचं सप्तक. पांढरी एकला सा धरा: सा रे ग म प, कोमल ध, शुद्ध ध, शुद्ध नी. म्हणजे सी, डी, ई, एफ, जी, ए फ्लॅट, ए, बी. यातला एक सोडून एक स्वर घ्या. सा ग प ध ही सी सिक्स्थ कॉर्ड. उरलेले रे म कोमल-ध नी ही बी डिमिनिश्ड. आठ स्वरांत दोनच कॉर्ड, एक घरची आणि एक बाहेर नेऊन परत आणणारी.

आता सराव. चारही बोटं एकदम सप्तकाच्या पुढच्या स्वरावर सरकवा:

सा ग प ध
रे म ध(कोमल) नी
ग प ध सां
म ध(कोमल) नी रें
प ध सां गं

असं तार सा-पर्यंत आणि परत. प्रत्येक दुसरी कॉर्ड तीच सी सिक्स्थ, फक्त उलटी केलेली. मधल्या डिमिनिश्ड. नंतर ग कोमल करून तोच पाठ: सा रे ग(कोमल) म प ध(कोमल) ध नी. हे मायनर सिक्स्थ डिमिनिश्ड. बाहेर नेणारी कॉर्ड तीच राहते.

आधी सी, मग एफ, जी, बी फ्लॅट, ई फ्लॅट. ट्रम्पेट-सॅक्सोफोनवाल्यांच्या सोयीमुळे जॅझमध्ये फ्लॅटच्या पट्ट्या जास्त येतात, आपल्या काळी चार-काळी पाचच्या सवयीने तिथे बोटं अडखळत नाहीत.

नेहमी होणारी चूक: डिमिनिश्ड कॉर्ड घाईने 'पार करायची' म्हणून वाजवली जाते. तिच्यावर थांबायला शिका. चार मात्रा डिमिनिश्ड, चार मात्रा सिक्स्थ, असं पंधरा दिवस केलं की कानाला तिची ओढ कळते आणि मग ती कुठे घालायची हे विचारावं लागत नाही.

पायपेटी

पांढरी_दोन यांच्याशी सहमत, वाद्याच्या बाजूने भर घालतो.

हातपेटीवर एक हात भात्यावर जातो, त्यामुळे वरचा पाठ उजव्या हाताने जवळच्या स्वरांतच करावा लागेल. त्यात एक फायदाही आहे. पियानोचा सूर वाजला की विरू लागतो, पेटीचा भाता आहे तोवर टिकतो. चारांपैकी कुठला स्वर हलला नि कुठला जागेवर राहिला हे पेटीवर स्वच्छ ऐकू येतं. ए फ्लॅटवरून ए-वर किंवा जी-वर जाणारा तो एक अर्धा सूर हाच या सगळ्याचा जीव.

दशावतारात वापरतात ती पायपेटी मिळाली तर उत्तमच, दोन्ही हात मोकळे राहतात. मग 'ड्रॉप टू' करता येईल: कॉर्डमधला वरून दुसरा स्वर एक सप्तक खाली टाकायचा. सी ई जी ए याचं होतं जी सी ई ए, त्यातला खालचा जी डाव्या हाताला, वरचे तीन उजव्या. आता हीच रचना सप्तकातून चढवा-उतरवा. पियानोवर हॅरिस यांचा तो भरदार पण चिकटून न बसणारा नाद याच मांडणीतून येतो.

खर्जात कॉर्ड दाटीने धरू नका. मध्य सप्तकाच्या सा-पासून एक सप्तक खाली गेलं की जवळजवळचे स्वर एकमेकांत कालवतात. तिथे एकटा स्वर, किंवा फार तर सा-प, सा-नी एवढंच.

अष्टमात्रा

कॉर्डवर सगळे बोलतात, लयीवर कोणी बोलत नाही. हॅरिस यांच्या वर्गात निम्मा जीव लयीत असे.

तबल्याच्या मुलांची ठरलेली चूक म्हणजे स्विंगला (जॅझची लांब-आखूड स्वरांची झुलती लय) दादऱ्यात बसवणं. प्रत्येक मात्रेचे तीन भाग करून पहिला नि तिसरा वाजवला की कागदावर बरोबर दिसतं, पण कानाला लंगडं लागतं. प्रमाण लयीप्रमाणे बदलतं. विलंबितात दोन स्वरांतलं अंतर जास्त असमान, लय वाढली की जवळजवळ सारखं. द्रुत बीबॉपमध्ये आठही स्वर समान पडतात आणि स्विंग फक्त कुठल्या स्वरावर जोर दिला यातून येतो.

सराव असा: मेट्रोनोम ६० वर लावा आणि त्याचे ठोके पहिली-तिसरी मात्रा न मानता दुसरी-चौथी माना. म्हणजे खरी लय १२०. सुरुवातीला मन आपोआप ठोक्याला सम समजतं. तोंडाने 'एक' म्हणा, ठोका 'दोन'वर, 'तीन' तोंडाने, ठोका 'चार'वर. हे जमलं की मग वाद्याला हात लावा.

ब्लूज हा जॅझमधला ठरलेला साचा. बारा बारचा (एक बार चार मात्रांचा) ब्लूज म्हणजे ४८ मात्रांचं आवर्तन समजा. सी-मध्ये: चार बार सी सेव्हन (सा ग प कोमल-नी), दोन एफ सेव्हन, दोन सी सेव्हन, एक जी सेव्हन, एक एफ सेव्हन, शेवटचे दोन सी सेव्हन. न मोजता सम कळायला हवी. ज्याला दहा मात्रांचा झपताल बोटावर न मोजता कळतो त्याला हे अवघड नाही.

पांढरी_दोन

लयीचा विषय निघालाच आहे तर हॅरिस यांचा अर्ध्या सुराचा नियम सांगतो. तो मुळात लयीचाच नियम आहे.

जी सेव्हन कॉर्ड आली की जी-ला सा धरून खमाज थाट: बाकी शुद्ध, नी कोमल. चार मात्रांत दुगुनीने आठ स्वर खाली उतरायचे. नुसते सात स्वर उतरलात तर सम गाठेपर्यंत कॉर्डचे स्वर मात्रेवरून घसरतात. म्हणून सा आणि कोमल नी यांच्यामध्ये शुद्ध नी घालायचा:

सा नी, नी(कोमल) ध, प म, ग रे, | सा

मात्रांवर काय पडलं पाहा: सा, कोमल नी, प, ग, पुन्हा समेवर सा. कॉर्डचे चारही स्वर मात्रेवर, बाकीचे मधे. ग, प किंवा कोमल नी-पासून उतरायला सुरुवात केली तरी हाच एक जादा स्वर त्याच जागी घाला, हिशेब जुळतो. रे-पासून सुरुवात केली तर जादा स्वर नको: रे सा, नी(कोमल) ध, प म, ग रे, | सा. करून बघा.

एक सावधगिरी. खमाज थाट म्हटलं म्हणून खमाज राग डोक्यात आणू नका. इथे चलन नाही, वादी-संवादी नाही, आरोहात रे वर्ज्य नाही. दोन निषाद किंवा दोन धैवत लागोपाठ येणं शास्त्रीय कानाला खटकू शकतं, पण ललितमधले लागोपाठचे दोन मध्यम ज्याने ऐकलेत त्याला ते परकं वाटणार नाही.

मांडवी

सरगम वापरण्याबद्दल थोडा मतभेद नोंदवते. एका पट्टीत ठीक आहे. पण जॅझच्या ३२ बारच्या गाण्यात मधल्या आठ बारमध्ये पट्टी दोन-तीनदा बदलते. प्रत्येक वेळी सा हलवला तर मुलं गोंधळतात. कॉर्डची नावं सी-डी-ई मध्येच पाठ हवीत, कारण बेसवाला आणि सॅक्सोफोनवाला तीच भाषा बोलणार.

पांढरी_दोन

मांडवी, कॉर्डच्या नावांबाबत तुमचं बरोबर. पण कॉर्डच्या आतला स्वर ओळखायला सरगमच हवी. हॅरिस आकडे वापरत, पहिला, तिसरा, पाचवा. आपली सरगम तेच काम गाऊन करते. म्हणून दोन्ही ठेवावं: कॉर्ड कुठली हे इंग्रजी अक्षराने, त्यातला स्वर कुठला हे सरगमने. गाताना सा हलतो, हात मात्र पट्टीवर स्थिर.

आणि कॉर्ड पाठ करायचा भारही या पद्धतीत कमी आहे. बारा स्वरांत डिमिनिश्ड कॉर्ड तीनच. त्यातला कुठलाही एक स्वर अर्धा उतरवला की सेव्हन्थ कॉर्ड. बी-डी-एफ-ए फ्लॅट घ्या. बी उतरवला की बी फ्लॅट सेव्हन, डी उतरवला की डी फ्लॅट सेव्हन, एफ उतरवला की ई सेव्हन, ए फ्लॅट उतरवला की जी सेव्हन. ही चार भावंडं. एकीच्या जागी दुसरी चालते, म्हणून जी सेव्हनच्या जागी डी फ्लॅट सेव्हन वाजवतात त्यात काही गूढ नाही.

रोजच्या वापरातल्या अदलाबदली:
ए मायनर सेव्हन = सी सिक्स्थ, तेच चार स्वर.
बी हाफ डिमिनिश्ड = डी मायनर सिक्स्थ.
जी सेव्हनवर डी मायनर सिक्स्थ धरली की जी नाइन्थ मिळते.
जी सेव्हनला तिखट करायचं तर ए फ्लॅट मायनर सिक्स्थ.
सी मेजरवर जी सिक्स्थ धरली की मेजर नाइन्थ.

म्हणजे मेजर सिक्स्थ आणि मायनर सिक्स्थ या दोन कॉर्ड त्यांच्या सप्तकांसह बाराही पट्ट्यांत तयार असल्या की जॅझमधल्या बहुतेक कॉर्ड हाताखाली आल्या.

खारी_हवा

धागो काढलात ता बरा केलात. दुसऱ्या प्रश्नावर लिहितो, कारण यात हळहळ वाटावी अशी नासाडी होते.

पियानोला साधारण ४० ते ६० टक्के आर्द्रता मानवते आणि ती स्थिर असावी लागते. आपल्याकडे जून ते सप्टेंबर ती दिवसेंदिवस ८५-९०च्या वर असते. लाकडी नादफलक फुगतो, तारांवरचा ताण वाढून सूर चढतो. पाऊस सरला की उलट. सगळ्यात जास्त चढउतार मधल्या सप्तकात होतो, म्हणून ट्यूनिंग केलेला पियानोही दोन महिन्यांत मधेच बेसूर वाटतो.

पट्ट्या अडकतात त्या दोन कारणांनी. पट्टीच्या भोकातली बनात (जाड लोकरी कापड) फुगते, किंवा हातोडीच्या सांध्यातली पिन घट्ट होते. पहिल्यात पट्टी खालीच राहते. दुसऱ्यात पट्टी वर येते पण हातोडी सुस्त परतते. दोन्हींत तेल घालू नका, ना खोबरेल ना मशीनचं. बनात ते शोषते, आणखी फुगते आणि धूळ धरते. पहिल्या प्रकारात ट्यूनर विशेष पकडीने बनात दाबून मोकळी करतो, दुसऱ्यात पिन बदलावी लागते.

जागा निवडताना पडवी, खळ्याकडची खिडकी, समुद्राच्या बाजूची भिंत टाळा. जांभ्याची बाहेरची भिंत पावसाळ्यात ओल धरते, आतल्या भिंतीला लावा आणि मागे वीतभर जागा सोडा. बंद खोलीत डिह्युमिडिफायर, सोबत आर्द्रतामापक. एसी दोन तास लावून बंद करणं हे न लावण्यापेक्षा वाईट, कारण लाकूड चढउतारानेच फाटतं. जुन्या घरांत पियानोच्या तळात छोटा बल्ब पेटता ठेवत. तो चालतो, पण पावसाळा संपताच काढला नाही तर लाकूड सुकून तारा गुंडाळायच्या खुंट्या सैल होतात आणि मग पियानो सूर धरत नाही.

खाऱ्या हवेने खर्जाच्या तांब्याच्या वेटोळ्यांच्या तारा आधी मरतात, नाद ठस होतो. कसर लागते ती आतल्या बनातीला, म्हणून डांबरगोळ्या कापडी पुरचुंडीत बांधून तळात ठेवा, तारांना टेकवू नका. ट्यूनिंग वर्षात दोनदा: एकदा पाऊस संपून हवा बसल्यावर, नोव्हेंबरच्या सुमारास, आणि एकदा फेब्रुवारी-मार्चमध्ये. भर जुलैत पैसे घालवू नका.

हे सगळं करायची तयारी नसेल तर डिजिटल पियानो घ्या.

सुरंगी

डिजिटल घेताना काय पाहावं? ६१ पट्ट्यांचा कीबोर्ड पुरेल का?

पायपेटी

६१ वर पहिलं वर्ष निघेल. पुढे डाव्या हाताला खर्ज आणि उजव्याला तार सप्तक एकदम लागतं तेव्हा अडतं. दुसरी अडचण वजनाची. कीबोर्डच्या हलक्या पट्ट्यांवर बोटांत ताकद येत नाही आणि खऱ्या पियानोसमोर बसल्यावर अर्धे सूर वाजतच नाहीत.

पाहायचं ते एवढंच: ८८ पट्ट्या, हॅमर ॲक्शन (पियानोसारखं पट्ट्यांना वजन), १२८ सूर एकदम वाजण्याची क्षमता, आणि अर्धं दाबलेलं ओळखणारं पेडल. तयार ताल आणि शेकडो आवाज यांना पैसे मोजू नका. वाद्य उचलून घ्यायच्या आधी हळूवार स्पर्शाने एकच पट्टी वीस वेळा वाजवा. आवाज कमी-जास्त उडत असेल तर सोडा.

वीज फार लागत नाही, घरचा इन्व्हर्टर पुरतो. मात्र वळवाच्या आणि परतीच्या पावसात विजा चमकू लागल्या की अडॅप्टर भिंतीतून काढा, नुसतं बटण बंद करून भागत नाही. झाकायला सुती कापड. प्लॅस्टिकखाली दमटपणा कोंडतो, पट्ट्यांखालचे रबरी संपर्क बिघडतात आणि काही पट्ट्या एकदम मोठ्याने वाजू लागतात.

मांडवी

आता पोटापाण्याचं. कोकणपट्टीत जॅझ वाजवून पैसे मिळण्याची जागा मुख्यतः गोवा, आणि तिथेही हंगाम ऑक्टोबर ते मार्च. गोव्यात ही परंपरा जुनी आहे. पोर्तुगीज काळातल्या चर्चच्या शाळांत मुलांना स्वरलेखन आणि व्हायोलिन शिकवत, त्यातूनच मुंबईच्या हॉटेलांतले बँड आणि पुढे हिंदी चित्रपटांचे वाद्यवृंद उभे राहिले. मडगावजवळच्या माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस, ट्रम्पेटवादक चिक चॉकलेट ही त्यातली नावं. चर्चमध्ये चार आवाजांत गाण्याची सवय असलेला मुलगा कॉर्डमधला प्रत्येक स्वर वेगळी चाल म्हणून ऐकतो. शक्य असेल त्याने अशा गायनवृंदात वर्षभर तरी गावं.

हॉटेलच्या लॉबीत दोन-अडीच तास एकट्याने वाजवायचं तर किमान चाळीस रचना पाठ हव्यात, कागद न बघता. गायिकेची साथ करायची तर त्याच रचना तिच्या पट्टीत, बहुधा मूळ पट्टीपेक्षा तीन-चार सूर खाली. नवशिके इथेच पडतात. रचना बोटांनी पाठ असते, कॉर्डच्या नात्याने नाही. प्रत्येक नवीन गाणं पहिल्या दिवसापासून दोन पट्ट्यांत बसवा.

उघड्यावर ध्वनिवर्धक रात्री दहापर्यंतच, हे ध्यानात ठेवून कार्यक्रमाची वेळ ठरवा.

पावसाळ्याचे चार महिने शिकवणं आणि रचना. ही विभागणी मला नाइलाजाची वाटत नाही. हॅरिस यांनी तर वर्गातच रचना आणि वादन दोन्ही पोसलं. त्यांच्या मैफलींत विद्यार्थ्यांचा गायनवृंद असे.

स्वतःच्या रचना असतील तर आयपीआरएसचं (संगीतकार-गीतकारांची रॉयल्टी गोळा करणारी संस्था) सभासदत्व घ्या. २०१२ च्या कॉपीराइट दुरुस्तीनंतर चित्रपटात किंवा ध्वनिमुद्रणात वापरलेल्या रचनेच्या रॉयल्टीतला संगीतकाराचा वाटा त्याला कायमचा लिहून देता येत नाही. निर्मात्याने करारात तसं कलम टाकलं तरी. सही करण्याआधी हे माहीत हवं.

अष्टमात्रा

वर्गाच्या रचनेबद्दल. हॅरिस सगळ्या वाद्यांना आणि गायकांना एकत्र बसवत, ते एक ओळ तोंडी सांगत, सगळे ती लगेच वाजवत, मग तीच दुसऱ्या पट्टीत. कागद क्वचित. आपल्या गुरुमुखी शिक्षणाला हे इतकं जवळचं आहे की कुडाळ-कणकवलीला असा वर्ग उभा करायला नवीन काही आणावं लागत नाही.

दीड तासाचा वर्ग धरा. पहिली वीस मिनिटं वाद्य बंद: सप्तक गाणं, टाळी दुसऱ्या-चौथ्या मात्रेवर. मग अर्धा तास पेटी-कीबोर्डवाल्यांच्या कॉर्डचा पाठ, तोवर गायक आणि बासरीवाले त्यातला एकेक स्वर धरतील. नंतर अर्धा तास ब्लूजवर सगळ्यांनी फिरून एकेक आवर्तन. उरलेल्या वेळात एकच ध्वनिमुद्रण दोनदा ऐकणं. तबलजीला बसवा, पण फक्त ठेका धरू दे. त्याने भरायला सुरुवात केली की नवशिक्यांची सम सुटते.

दहापेक्षा जास्त विद्यार्थी नकोत, आवर्तनं फिरायला वेळ पुरत नाही.

सुरंगी

एक शंका राहिली. काही जुन्या पेट्यांवर पांढरी_दोन यांचा पाठ सी-मध्ये गोड लागतो आणि ई फ्लॅटमध्ये कडू. वाजवणाऱ्याचं चुकतं की पेटीचं?

पायपेटी

पेटीचं. ती गंधार ट्यूनिंगची असणार, म्हणजे एका सा-ला धरून ग, ध, नी शुद्ध लावलेले. गायकाच्या साथीला ते सुंदर, बारा पट्ट्यांत फिरणाऱ्या कॉर्डला निरुपयोगी.

ओळखायची रीत: पांढरी एक आणि पांढरी तीन एकत्र धरा. मग पांढरी तीन आणि काळी चार. मग काळी चार आणि वरची पांढरी एक. तिन्ही जोड्यांत सारखंच अंतर आहे. तिन्हींतून बारीक थरथर, वरच्या जोडीत थोडी वेगवान होत, ऐकू आली तर ट्यूनिंग समान अंतराचं आहे. एक-दोन जोड्या अगदी निवांत आणि उरलेली कडू लागली तर गंधारचं. कारागिराला पेटी देताना 'बाराही पट्ट्यांना समान, ए ४४० वर' असं स्पष्ट सांगा, नाहीतर तो सवयीने पुन्हा गंधारच लावून देईल. आणि गाण्याच्या साथीची पेटी यासाठी मोडू नका. जॅझला वेगळी, साधी पेटी ठेवा.